यंत्रमागाच्या परिभाषेतील इंग्रजी शब्द

यंत्रमागाच्या परिभाषेतील इंग्रजी शब्द हे सोलापूरच्या वस्त्रोद्योगात नित्य वापरले जाणारे, परंतु सर्वसामान्य इंग्रजी वाचनात क्वचितच आढळणारे शब्द होत. त्यांतील काही दिसायला अगदी परिचित असतात. शब्दकोशातील पहिलाच अर्थ घेऊन पुढे जाणारा विद्यार्थी तेथेच फसतो.

‘शेड’ हे याचे उत्तम उदाहरण. मोहोळ तालुक्यातील चिंचोळी एमआयडीसीत शेड म्हणजे कारखान्याची इमारत. विणकामात मात्र ताण्याचे काही धागे वर उचलले गेले आणि उरलेले खाली राहिले, की मध्ये जी फट पडते तिला शेड म्हणतात. धोटा बाणा घेऊन याच फटीतून पलीकडे जातो. दोन्ही शब्दांचे स्पेलिंग व उच्चार एकच असले, तरी कुळे निराळी आहेत. इमारतीची शेड ‘सावली’ या अर्थाच्या शब्दाशी निगडित आहे, तर विणकामातील शेड ‘वेगळे करणे’ या अर्थाच्या जुन्या इंग्रजी क्रियापदापासून आली. दोन नद्यांची खोरी विभागणाऱ्या ‘वॉटरशेड’मधील शेड या दुसऱ्या कुळातील आहे.

‘एंड’ म्हणजे येथे शेवट नव्हे, तर ताण्याचा एकेक धागा. ‘पिक’ म्हणजे धोट्याच्या एका खेपेत पडणारा बाण्याचा धागा. एका इंचात किती एंड व किती पिक आहेत, यावरून कापडाचा दाटपणा ठरतो. ‘टेम्पल’चा देवळाशी संबंध नाही, विणलेले कापड आत आकसू नये म्हणून त्याचे दोन्ही काठ ताणून धरणारे ते साधन आहे. ‘रीड’ म्हणजे फणी. पूर्वी तिचे दात बोरूसारख्या काड्या चिरून केलेले असत, त्यावरून हे नाव पडले.

उच्चारांतही चकवे आहेत. ताण्याचा धागा ज्या तारेच्या डोळ्यातून ओवतात, त्या तारेच्या नावाचा उच्चार ‘हील्ड’ असा दीर्घ आहे. ‘हेल्ड’ म्हटल्यास ‘धरले’ या अर्थाचा भलताच शब्द होतो. कापडाच्या काठाला ‘सेल्विज’ म्हणतात. ‘सेल्फ’ आणि ‘एज’ हे त्याचे घटक, म्हणजे कापडाची स्वतःचीच कड. ती वेगळी शिवावी लागत नाही. बाण्याच्या कांडीचे नाव ‘पर्न’. स्पेलिंगमध्ये आय असला तरी ‘पिर्न’ नव्हे.

‘जॅकार्ड’ हे मुळात आडनाव. फ्रान्समधील ल्यों शहराच्या जोसेफ मारी जाकार (१७५२–१८३४) यांनी छिद्रे पाडलेल्या पत्त्यांवर चालणारी नक्षीची यंत्रणा १८०४ च्या सुमारास सिद्ध केली. फ्रेंचमध्ये अंत्य ‘ड’ उच्चारला जात नाही, इंग्रजीत तो येतो आणि मराठीने इंग्रजी रूप स्वीकारले. भौगोलिक मानांकन लाभलेल्या सोलापुरी चादरीवरील नक्षी याच यंत्रणेने उठते. त्यामुळे सोलापुरात कोणी ‘जाकार’ म्हणू लागल्यास ते शुद्ध असूनही हास्यास्पद ठरेल.

उलट दिशेने गेलेला शब्द म्हणजे ‘डंगरी’. मुंबईच्या डोंगरी भागावरून एका जाड्याभरड्या सुती कापडाला हे नाव मिळाले. इंग्रजीत त्याचा आघात अंत्य ‘री’वर येतो, आणि आता तो शब्द कापडापेक्षा त्यापासून शिवलेल्या कामगारी पोशाखासाठीच अधिक वापरला जातो.