हुलाच्या शब्दांची राखणदार : मेरी कावेना पुकुई

हवाई बेटांवरील हुला हे नृत्य पर्यटनाच्या जाहिरातींमुळे जगभर परिचित झाले. मात्र त्याचा प्राण पदन्यासात नसून शब्दांत आहे. ‘मेले’ म्हणजे काव्य. ते गायले जाते आणि नर्तकाचे हात, पावले व नजर त्याचा अर्थ प्रकट करतात. शब्द विस्मृतीत गेले, तर केवळ हालचाली उरतात. हे शब्द ग्रंथबद्ध करणाऱ्यांत मेरी कावेना पुकुई (१८९५–१९८६) यांचे स्थान अग्रगण्य आहे.

ख्रिस्ती धर्म स्वीकारलेल्या राणी काआहुमानू यांनी १८३० मध्ये हुलाच्या सार्वजनिक सादरीकरणास मनाई केली. राजे कालाकाउआ यांनी १८८३ च्या राज्याभिषेक सोहळ्यात त्यास पुन्हा मानाचे स्थान दिले. परंतु १८९३ मध्ये राजसत्ता उलथवण्यात आली आणि १८९६ च्या कायद्याने इंग्रजी हे शिक्षणाचे माध्यम ठरले. त्यामुळे नृत्याचा भाषिक आधारच ढासळू लागला.

पुकुई यांचा जन्म हवाई बेटावरील काऊ येथे झाला. आई हवाईयन, तर वडील मॅसॅच्युसेट्सचे होते. स्थानिक प्रथेनुसार त्यांचे बालपण आजीच्या सहवासात गेले. ही आजी राणी एमा यांच्या दरबारातील नर्तकी होती. पुढे शाळेत मातृभाषा बोलल्याबद्दल त्यांना शिक्षा सोसावी लागली.

होनोलुलू येथील बिशप संग्रहालयात काम करताना त्यांनी वृद्ध जाणकारांच्या मुलाखती घेतल्या, मेले नोंदवले आणि त्यांचे अनुवाद केले. त्या स्वतः हुला शिकल्या होत्या. या कामातील मोठी अडचण म्हणजे ‘काओना’, अर्थात गूढार्थ. मेलेतील पाऊस वा फूल प्रिय व्यक्तीचे सूचक असू शकते. स्थळ, वंश आणि प्रसंग ठाऊक नसलेल्या अनुवादकाच्या हाती केवळ पाऊसच लागतो. म्हणूनच परंपरेत वाढलेल्या लेखिकेच्या नोंदींना विशेष मोल आहे.

सॅम्युएल एल्बर्ट यांच्यासह त्यांनी सिद्ध केलेला हवाईयन–इंग्रजी शब्दकोश १९५७ मध्ये प्रकाशित झाला. १९८३ मध्ये त्यांचा सुमारे तीन हजार म्हणी व वाक्प्रचारांचा संग्रह आला. दरम्यान, १९७८ मध्ये हवाईयन भाषेस राज्यघटनेने अधिकृत दर्जा दिला. ज्या भाषेसाठी एका मुलीला शिक्षा झाली होती, ती नव्याने शिकणाऱ्या पिढीच्या हाती आज तिचाच शब्दकोश आहे.