दिलेला अटकपूर्व जामीन जातो कसा?

मंडळी, संपात फाटकापाशी बाचाबाची झाली की दहावीस कामगारांची नावे फिर्यादीत जातात. वकील धावपळ करून अटकपूर्व जामीन मिळवतो आणि सर्वांना वाटते, सुटलो! महिन्याभराने नोटीस येते की, जामीन रद्द व्हावा असा अर्ज पडला आहे. मग घरोघर चुली थंड.

1898 च्या फौजदारी संहितेत या जामिनाची तरतूदच नव्हती. विधी आयोगाने 1969 साली शिफारस केली, 1973 च्या संहितेत 438 वे कलम आले आणि 1 जुलै 2024 पासून त्याच्या जागी नागरिक सुरक्षा संहितेचे 482 वे कलम आले. कलमांचे आकडे विसरलात तरी चालेल. पुढचा भेद मात्र विसरू नका.

जामिनावर हल्ला दोन वाटांनी होतो. एक वाट अशी की, जामिनाचा हुकूमच मुळात चुकला. न्यायाधीशाने महत्त्वाचा पुरावा पाहिलाच नाही. येथे आरोपी नंतर कसा वागला याला महत्त्व नाही. वरचे न्यायालय फक्त हुकूम तपासते. 2001 च्या पूरन विरुद्ध रामबिलास या निकालात सर्वोच्च न्यायालयाने ही वाट वेगळी दाखवली आहे.

दुसरी वाट आरोपीच्या वागणुकीची. साक्षीदाराला दमदाटी, पुराव्याची विल्हेवाट, परागंदा होणे, अटी मोडणे. 1994 साली दौलतराम खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने बजावले की, जामीन नाकारणे निराळे आणि दिलेला काढून घेणे निराळे. काढून घ्यायला भक्कम कारण लागते. 2020 च्या सुशीला अग्रवाल निकालानुसार हा जामीन साधारणपणे खटला संपेपर्यंत चालू शकतो. म्हणजे अटीही तितकाच काळ सांभाळायच्या! आमचा माणूस रात्रपाळी करून झोपतो आणि ठाण्यावरची हजेरी चुकते. अडचण खरी असते, पण ती तोंडी सांगून भागत नाही. त्याच दिवशी लेखी अर्ज द्यावा, पोच घ्यावी.

पण हे हत्यार केवळ मालकाचे आहे असे समजू नये. मुकादमाने मारहाण केली, जामीन मिळवला आणि आता तो साक्षीदार मजूरबाईला दम देतो; तिथे हाच अर्ज आपल्याला करायचा असतो. तो सरकारी वकिलानेच करावा असे नाही, फिर्यादीलाही करता येतो. 2022 साली लखीमपूर खीरी प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की, पीडिताला प्रत्येक टप्प्यावर म्हणणे मांडण्याचा हक्क आहे. मात्र ‘तो धमक्या देतो’ एवढ्याने न्यायालय हलत नाही. कोणत्या दिवशी, कोठे, काय शब्द वापरले, कोणी ऐकले, हे लिहून त्याच दिवशी ठाण्यात तक्रार नोंदवलेली असावी. आठवड्याने आठवून लिहिलेल्या तक्रारीची समोरचा वकील पाच मिनिटांत चाळण करतो.