कार्ड आणि गोळी

गेल्या वर्षी माझ्या वर्गातल्या एका मुलीची अकोल्याची सोयरीक मोडली. शिबिरात तिचे रक्त तपासले होते. कार्डावर सिकलसेलची 'वाहक' असा शेरा होता. वरपक्षाला तेवढे पुरले. वाहक आजारी नसतो हे तिच्या बापाला कोणी समजावले नाही, आणि मुलाचे रक्त तर कोणी तपासलेच नव्हते.

विदर्भात हा आजार मेळघाटच्या कोरकूंत आहे तसा आपल्या बौद्ध वस्त्यांतही आहे. नागपूरच्या डॉक्टरांनी १९५८ सालीच त्यावर लिहिले. आईबाप दोघेही वाहक असतील तर दर बाळंतपणात मूल आजारी निपजण्याची शक्यता चारात एक. अशा मुलाच्या तांबड्या पेशी विळ्यासारख्या वाकतात, बारीक रक्तवाहिन्यांत अडकतात, हाडे ठणकतात. घरचे वात म्हणतात, कोणी करणी म्हणतो. पण लहानग्यांचा जीव घेतात ते बहुधा न्यूमोनियासारखे जंतुसंसर्ग, कारण प्लीहा लवकर निकामी होते.

मग तपासणी कशासाठी? अमेरिकेतल्या ब्लॅक पँथरांनी (त्यांच्याच नावावरून १९७२ साली आपली दलित पँथर उभी राहिली) १९७१ पासून काळ्यांच्या वस्त्यांत फुकट तपासणी सुरू केली. १९७२ साली सरकारनेही कायदा केला. काही राज्यांनी सक्ती केली, आणि धडधाकट वाहकांना नोकऱ्या व विमा नाकारले जाऊ लागले. बाळाला वाचवील असा सिद्ध झालेला उपाय हाती नव्हता, शिक्का मात्र होता.

१९८६ साली हे पालटले. २१५ आजारी बालकांपैकी काहींना रोज दोनदा पेनिसिलिन दिले, बाकीच्यांना पेनिसिलिन नसलेली गोळी. पहिल्या गटात न्यूमोनियाच्या जंतूंचा गंभीर संसर्ग ८४ टक्क्यांनी कमी निघाला. प्रयोग आठ महिने आधीच थांबवला गेला. पुढच्याच वर्षी तज्ज्ञमंडळ बसले. त्याची शिफारस अशी: प्रत्येक नवजात बालक तपासा, पण आईबापांना नकाराची मुभा ठेवा. हे शहाणपण पंधरा वर्षे आधी का सुचले नाही, तर तेव्हा असा पुरावाच नव्हता. २०१४ च्या मंडळाने नऊ महिन्यांपासूनच्या आजारी बालकांना हायड्रॉक्सीयुरिया देऊ करावे असे सांगितले, तेही प्रयोगांच्या आधारावर.

आपल्याकडे २०२३ साली राष्ट्रीय मोहीम निघाली. चाळिशीपर्यंतच्या सात कोटी लोकांची तपासणी हे तिचे लक्ष्य. भर आदिवासी भागांवर. तपासण्यांचा आकडा सहज मोजता येतो. आजारी बाळाला दुसऱ्या महिन्यापर्यंत पेनिसिलिन सुरू झाले का, ते पाचव्या वर्षापर्यंत टिकले का, लस मिळाली का, हे मोजायला दारोदार फिरावे लागते.

शिबिरे भरवणाऱ्या आपल्या कार्यकर्त्यांनी म्हणूनच आधी दवाखान्याशी बोलून घ्यावे: औषध आहे काय, वाहकाला समजावून कोण सांगणार, कार्ड कोणाच्या हातात पडणार. याची उत्तरे नसतील तर शिबिराची तारीख पुढे ढकलावी.