गोठ्यावरचा कॅमेरा आणि शोधयंत्र

बिबट्याच्या धास्तीने आमच्या राजुरी गावात गोठ्यांवर जे कॅमेरे चढले, त्यांपैकी ज्यांचा कारखान्यातून आलेला पासवर्ड मालकाने बदललेला नाही आणि ज्यांना राउटरमधून बाहेरची वाट मोकळी करून दिलेली आहे, ते बिबट्यावर पहारा करता करता खुद्द घरधन्यालाही जगापुढे हजर करू शकतात. यात जादू मुळीच नाही. गूगलला ‘इनटायटल’ म्हटले की ते शीर्षकात शोधते, ‘इनयूआरएल’ म्हटले की पत्त्यात, ‘फाइलटाइप’ने ठरावीक प्रकारचे दस्तऐवज निवडते, आणि एकाच बनावटीच्या कॅमेऱ्यांच्या पानांना बहुधा एकच शीर्षक असल्यामुळे एका प्रश्नासरशी त्यांची यादीच हाती येते. जॉन मॅथरली यांनी २००९ साली सुरू केलेले ‘शोडान’ हे शोधयंत्र तर पानांऐवजी थेट उपकरणांचीच नोंद ठेवते. २०१६ साली ‘मिराई’ या घातक संगणक-प्रणालीने असेच कॅमेरे, कारखान्याचेच पासवर्ड वापरून, वेठीस धरले होते. तेव्हा पासवर्ड आजच बदलावा, राउटरमधील बाहेरची वाट मोकळी करणारे ‘पोर्ट फॉरवर्डिंग’ व ‘यूपीएनपी’ बंद करावे. मात्र कुतूहलापोटी दुसऱ्याच्या यंत्रात परवानगीवाचून शिरण्याची मुभा कोणासही नाही. माहिती तंत्रज्ञान कायदा, २००० ची कलमे ४३ व ६६ त्यासाठीच आहेत.