डीटीपीच्या दुकानातलं जुनं डोंगल : धोका कुठे, काळजी काय?

रत्नागिरी : लग्नपत्रिका, मंडळाची पावतीपुस्तकं, हापूसच्या पेटीवरची लेबलं ही कामं तालुक्याच्या बाजारपेठेतला डीटीपीवाला करतो. त्याच्या संगणकाला पेनड्राइव्हसारखं एक लहान यंत्र कायम लावलेलं दिसतं. ते डोंगल, म्हणजेच लॉक. नेटच्या डोंगलशी याचा संबंध नाही.

पुण्याच्या मॉड्युलर इन्फोटेकचं ‘श्री-लिपी’ अशा लॉकवर चालत आलं आहे. डोंगल सापडलं तर सॉफ्टवेअर चालू, नाहीतर बंद. चोरून कॉपी होऊ नये म्हणून ही सोय.

अडचण पुढे येते. जुन्या डोंगलचा ड्रायव्हर नव्या विंडोजवर बऱ्याचदा चालत नाही. नवीन घ्यायचं तर खर्च. मग जुनाच संगणक वापरात राहतो. पण विंडोज एक्सपीचा सपोर्ट ८ एप्रिल २०१४ ला आणि विंडोज ७ चा १४ जानेवारी २०२० ला संपला. अशा संगणकाला नेट जोडलं, येईल त्याचा पेनड्राइव्ह लावला, की व्हायरसला वाट मोकळी.

ड्रायव्हरमध्येही दोष निघू शकतो. जगभर वापरल्या जाणाऱ्या ‘हास्प’ डोंगलच्या सॉफ्टवेअरमध्ये कॅस्परस्कीच्या तज्ज्ञांना १४ त्रुटी सापडल्या. त्या २०१८ मध्ये जाहीर झाल्या. ते सॉफ्टवेअर संगणकाचं १९४७ क्रमांकाचं पोर्ट, म्हणजे नेटवर्कवरून आत यायचा दरवाजा, उघडं करायचं. डोंगल काढून घेतलं तरी तो उघडाच! कंपनीने दुरुस्ती दिली, पण ती प्रत्येक संगणकात टाकायला तर हवी.

डोंगल बिघडलं की काही जण ‘डोंगलशिवाय चालणारी’ कॉपी टाकतात. ती टाकताना अँटिव्हायरस बंद करायला सांगतात. घात तिथेच होतो. ऐन लग्नसराईत फाइली लॉक झाल्या तर धंदा बसतो. आणि त्याच संगणकात गिऱ्हाइकांचे आधार, सातबारा पडलेले असतात.

दुकानदारांनी काय करावं?
- डोंगलचा संगणक नेटपासून तोडावा. नेटची आणि झेरॉक्सची कामं दुसऱ्यावर करावीत.
- ड्रायव्हर कंपनीकडूनच घ्यावा.
- फाइलींची प्रत वेगळ्या हार्डडिस्कवर ठेवावी. ती कायम जोडून ठेवू नये.
- नवा मजकूर युनिकोडमध्ये करावा, म्हणजे एका लॉकवर सगळं अडणार नाही.

गिऱ्हाइकांनी काय करावं?
- चालत असेल तिथे शेवटचे चारच अंक दिसणारं मास्क्ड आधार द्यावं.
- काम झाल्यावर फाइल आपल्यासमोर डिलीट करून घ्यावी, रिसायकल बिनमधूनही.

लॉक सॉफ्टवेअरची राखण करतं. आपल्या कागदपत्रांची राखण आपणच करायची.