जमातीचा डेटाबेस उघडत नाही? घाईने काही डिलीट करू नका

रमजान जवळ आला की जमातीच्या ऑफिसात जकातीच्या याद्या निघतात. विधवा, यतीम मुले, फीसाठी मदत मागणारे विद्यार्थी यांची नावे आता बऱ्याच ठिकाणी वहीसोबत कॉम्प्युटरवरही असतात. मोहल्ल्यातला एखादा बीसीए करणारा मुलगा झॅम्प टाकून मायएसक्यूएलवर छोटासा प्रोग्राम बनवून देतो. काम छान चालते. मग एके दिवशी स्क्रीनवर कनेक्शनचा एरर येतो आणि सगळे घाबरतात, "डेटा गेला!"

बहुतेक वेळा डेटा कुठेही गेलेला नसतो. कपाट जागेवरच असते, फक्त दार उघडत नाही. खरे नुकसान नंतरच्या घाईत होते. कोणी झॅम्प काढून पुन्हा टाकतो, कोणी व्हिडिओ बघून फाइली उडवतो. म्हणून आधी एररचा नंबर वाचा.

२००२ किंवा २००३ : सर्व्हरपर्यंत पोहोचताच येत नाही. झॅम्पचे कंट्रोल पॅनल उघडून मायएसक्यूएलसमोरचे स्टार्ट बटण दाबा. बरेचदा एवढेच राहिलेले असते.

१०४५ : सर्व्हर चालू आहे, पण यूजरनेम किंवा पासवर्ड चुकतोय. झॅम्पमध्ये रूट यूजरचा पासवर्ड सुरुवातीला रिकामा असतो. कोणी तो बदलला असेल तर प्रोग्रामच्या आणि पीएचपीमायअ‍ॅडमिनच्या सेटिंगमध्येही बदलावा लागतो.

१०४९ : त्या नावाचा डेटाबेस सापडत नाही. आधी स्पेलिंग तपासा.

११३० : दुसऱ्या कॉम्प्युटरवरून येणाऱ्याला परवानगी दिलेली नाही. त्या कॉम्प्युटरसाठी वेगळा यूजर बनवावा लागतो.

स्टार्ट दाबूनही मायएसक्यूएल लगेच बंद पडत असेल तर दोन कारणे नेहमीची आहेत. पहिले, पोर्ट. मायएसक्यूएल ३३०६ नंबरच्या पोर्टवर चालते. त्याच मशीनवर दुसरे मायएसक्यूएल टाकलेले असेल तर ते पोर्ट अडवून बसते. कंट्रोल पॅनलमधले नेटस्टॅट बटण दाबले की पोर्ट कोणाकडे आहे ते दिसते. विंडोजच्या सर्व्हिसेसमध्ये जाऊन ते दुसरे मायएसक्यूएल थांबवा. पण त्यात कोणाचे काम चालू नाही ना, हे आधी विचारून घ्या.

दुसरे कारण, अचानक गेलेली लाइट. लिहिणे चालू असताना मशीन बंद पडली तर फाइली बिघडू शकतात. अशा वेळी लॉग्ज बटण दाबून एरर लॉगच्या शेवटच्या ओळी वाचा. काहीही दुरुस्त करण्याआधी मायएसक्यूएल बंद ठेवून झॅम्पमधल्या मायएसक्यूएल फोल्डरमधला डेटा नावाचा अख्खा फोल्डर पेन ड्राइव्हवर कॉपी करा. त्यातली आयबीडेटा१ ही फाइल कधीच डिलीट करू नका. टेबलांचा हिशेब तिच्यातच असतो, ती गेली की नुसती टेबलांची नावे उरतात.

मुख्य मशीनवर सगळे चालते, पण शेजारच्या टेबलावरून उघडत नाही? त्या प्रोग्राममध्ये लोकलहोस्ट लिहिले असेल तर तो स्वतःच्याच मशीनवर सर्व्हर शोधतो. तिथे मुख्य मशीनचा आयपी पत्ता हवा. राउटर बंद-चालू झाल्यावर हा पत्ता बदलू शकतो, म्हणून तो राउटरमध्ये कायमचा ठरवून घ्या. विंडोज फायरवॉल पूर्ण बंद करू नका, ऑफिसच्या नेटवर्कपुरतीच ३३०६ ला वाट द्या.

आणि सगळ्यात महत्त्वाचे, दर जुम्म्याला पीएचपीमायअ‍ॅडमिनमधून एक्सपोर्ट करून फाइल वेगळ्या पेन ड्राइव्हवर ठेवा. पाच मिनिटांचे काम आहे. तो पेन ड्राइव्ह कुलपात ठेवा, कारण त्यात मदत घेणाऱ्यांची नावे आहेत. कोणाची गरज चारचौघांत उघडी पडता कामा नये.

सूरह बकराच्या २८२ व्या आयतीत उधारीचे व्यवहार लिहून ठेवण्याचा हुकूम आहे. वही असो की डेटाबेस, लिहिलेले सांभाळणे ही आपल्याकडची अमानतच आहे.