चालला इतका की झिजला

एखादा सिनेमा इतका चालावा की तो मुळापासून परत काढायची पाळी यावी! सिक्वेल नव्हे, नव्या नटांचा रिमेकही नव्हे. तीच गोष्ट, तेच रस्ते, तोच कुत्रा. १९०५ साली लंडनजवळच्या वॉल्टन-ऑन-थेम्समध्ये हे घडलं, आणि तेही दोनदा.

सिनेमाचं नाव ‘रेस्क्यूड बाय रोव्हर’. लांबी जेमतेम सहा-सात मिनिटं, खर्च ७ पौंड १३ शिलिंग ९ पेन्स. निर्माता सेसिल हेपवर्थ, दिग्दर्शक लुइन फिट्झहॅमन, आणि बाकी सगळा घरचा कारभार. कथा हेपवर्थच्या बायकोची, पडद्यावर आईही तीच. बाप स्वतः हेपवर्थ, बाळ त्यांची तान्ही लेक, रोव्हर म्हणजे त्यांचा कुत्रा ब्लेअर. बाहेरून दोन नट आणले, त्यांना प्रत्येकी अर्धा गिनी.

दाई शिपायाशी गप्पा मारत बसते आणि भिकारीण बाळ पळवते. घरी कळताच रोव्हर खिडकीतून उडी टाकतो, रस्ता धावतो, कोपरा वळतो, नदी पोहतो, गरीब वस्तीत दारं हुंगत माळ्यावरचं बाळ शोधून काढतो. परत येऊन मालकाला घेऊन जातो, त्याच वाटेने. खरी करामत इथे आहे. कॅमेरा जवळजवळ त्याच जागांवर उभा असल्यामुळे तो कोपरा, ती नदी आपल्या ओळखीची होते. कुत्रा कुठे पोचला, किती उरलं, हे पाटी न वाचता समजतं. सिनेमाचा जन्म होऊन धड दहा वर्षंही झाली नव्हती, हे लक्षात घ्या.

तेव्हा सिनेमे भाड्याने कमी, विकतच जास्त जात. रोव्हरच्या सुमारे चारशे प्रती खपल्या. प्रत काढायची म्हणजे निगेटिव्ह आणि कोरी फिल्म एकमेकींना चिकटवून यंत्रातून सरकवायची; दर फेरीला ओरखडे, फिल्मच्या काठच्या भोकांच्या कडा फाटलेल्या. खप थांबेना आणि निगेटिव्ह टिकेना. मग काय, ब्लेअर पुन्हा नदीत!

हेपवर्थ हा मुळात यंत्रात रमणारा माणूस. जन्म १८७४चा, वडील जादूच्या कंदिलावर व्याख्यानं देत. १८९७मध्ये, म्हणजे सिनेमा बोलायला-चालायला शिकत होता तेव्हाच, त्याने सिनेमाच्या तंत्रावर पुस्तक लिहिलं. फिल्म धुण्याचं स्वयंचलित यंत्र बनवलं. १९०१मध्ये व्हिक्टोरिया राणीची अंत्ययात्रा टिपताना त्याच्या कॅमेऱ्याचा खडखडाट त्या शांततेत एवढा घुमला की राजा एडवर्डने मिरवणूक क्षणभर थांबवली, असं त्याने आत्मचरित्रात सांगितलं आहे.

१९१२मध्ये त्याच्या स्टुडिओत मुंबईहून एक पाहुणा आला. विम्याची पॉलिसी गहाण टाकून विलायत गाठलेले दादासाहेब फाळके. ‘बायोस्कोप’ साप्ताहिकाच्या संपादकाने त्यांना हेपवर्थकडे नेलं, आणि हेपवर्थने हात न आखडता सगळं काम दाखवलं. फाळके विल्यमसन कॅमेरा आणि फिल्मला भोकं पाडायचं यंत्र घेऊन परतले. पुढे ती भोकं पाडायला त्यांच्या पत्नी सरस्वतीबाई बसल्या, ‘राजा हरिश्चंद्र’मध्ये रोहिदास झाला तो त्यांचाच मुलगा. घरच्या माणसांनिशी सिनेमा काढायचं हे कुणी कुणाला शिकवलं नसणार. पैसे नसले की असंच सुचतं.

हेपवर्थला पुढे काळाचा वेग मानवला नाही. एका दृश्यावरून दुसऱ्यावर झटक्याने जाणं त्याला रांगडं वाटे. दृश्य हळूहळू विझवावं, मग दुसरं उजळवावं, हा त्याचा हट्ट. मला तो हट्ट आवडतो, पण अमेरिकी सिनेमाची चटक लागलेल्या प्रेक्षकांना तो संथ वाटला. १९२४च्या सुमारास कंपनी बुडाली. वसुलीसाठी त्याच्याकडची निगेटिव्हं वितळवली गेली, त्यातल्या चांदीसाठी! फिल्मवरची काळी छटा म्हणजे चांदीचेच बारीक कण असतात. वीस-पंचवीस वर्षांच्या कामाचा भाव असा धातूवर लागला. हेपवर्थ नंतर इतरांच्या सिनेमांचे ट्रेलर आणि जाहिराती बनवत राहिला. १९५३मध्ये तो वारला.

वाचलं ते विकल्या गेलेल्या प्रतींमुळे. त्याचा १९०३चा ‘अ‍ॅलिस इन वंडरलँड’ ब्रिटिश फिल्म इन्स्टिट्यूटने २०१०मध्ये एका फाटक्यातुटक्या प्रतीवरून दुरुस्त केला. पूर्ण नाही मिळाला, पण त्यात हेपवर्थ बेडूक झालेला दिसतो.